अरब राजेशाह्या कशावर उभ्या आहेत: दांडक्यावर की परवान्यावर?

शाईदौत :
अरब राजेशाह्यांचा विषय निघाला की गाडी फाशी, फटके आणि खशोगी (२०१८ मध्ये मारला गेलेला सौदी पत्रकार) या तीन स्टेशनांवरच थांबते. मला वाटतं, यात खरा माणूस नजरेतून सुटतो. तो म्हणजे कारकून. दांडका एका पहाटे चालतो. पुढची दहा वर्षं परवाना, नोंदणी, पासपोर्ट आणि पगारपत्रक राज्य करतात.

बहारीनमधलं 'अल-वसत' हे दैनिक घ्या. २००२ मध्ये मन्सूर अल-जमरींनी सुरू केलं. सरकारी सुरात न गाणारं देशातलं जवळजवळ एकमेव वर्तमानपत्र. त्याला चार हप्त्यांत मारलं.

पहिला हप्ता एप्रिल २०११. खोट्या बातम्या छापल्याचा ठपका ठेवून अंक थांबवला. त्या बातम्या एकाच परदेशी आयपी पत्त्यावरून (म्हणजे इंटरनेट जोडणीच्या क्रमांकावरून) मुद्दाम पेरलेल्या होत्या, असं अल-जमरींचं म्हणणं. त्यांना संपादकपद सोडावं लागलं, दोन इराकी पत्रकारांना देशाबाहेर काढलं आणि पुढे खटल्यात हजार दिनार दंड झाला. अंक लगेच पुन्हा निघाला, ऑगस्टमध्ये अल-जमरीही परत आले.

दुसरा हप्ता ऑगस्ट २०१५ : दोन दिवसांची बंदी. तिसरा जानेवारी २०१७ : फक्त ऑनलाइन आवृत्ती बंद. चौथा ४ जून २०१७ : बेमुदत बंदी. कारण काय, तर मोरोक्कोतल्या रीफ भागातल्या आंदोलनावर आलेला एक स्तंभलेख. 'बंधुराष्ट्राचा अपमान' झाला म्हणे. तीन आठवड्यांत कर्मचाऱ्यांच्या हातात नारळ.

म्हणजे एका राजाच्या प्रजेने दुसऱ्या राजाच्या प्रजेबद्दल लिहिलं म्हणून पेपर गेला, आणि शेवटच्या दिवशी एकही गोळी सुटली नाही. परवाना ज्याच्या खिशात, पेपर त्याचा. प्रत्येक हप्त्यानंतर संपादक थोडा जास्त जपून लिहितो, हा खरा फायदा. चौथा हप्ता तर फक्त औपचारिकता.

वाळूघड्याळ :
मांडणी देखणी आहे, पण तुम्ही पहिल्या हप्त्यातलं सगळ्यात महत्त्वाचं पान गाळलंत. याच 'अल-वसत'चे एक संस्थापक करीम फखरावी १२ एप्रिल २०११ रोजी कोठडीत वारले. आधी मूत्रपिंड निकामी झाल्याचं सांगितलं गेलं. नंतर दोन अधिकाऱ्यांना सात वर्षांची शिक्षा झाली आणि अपिलात ती तीनवर आली. अल-जमरी पुढची सहा वर्षं 'जपून' लिहीत होते ते परवान्याच्या धाकाने की या मृत्यूच्या?

क्रम नीट लावू. २०११ मध्ये अरब जगभर उठाव पेटले होते. १४ फेब्रुवारीला बहारीनमधले लोक रस्त्यावर आले. तारीख मुद्दाम निवडलेली : २००१ मध्ये याच दिवशी राष्ट्रीय सनदेवर सार्वमत झालं होतं, ९८.४ टक्के मतं बाजूने पडली होती, आणि लोकांच्या मते त्या सनदेतलं सुधारणांचं वचन पाळलं गेलं नव्हतं. १७ तारखेला पहाटे, लोक झोपेत असताना राजधानी मनामातल्या पर्ल चौकावर हल्ला झाला, चार माणसं मेली. १९ ला लोक पुन्हा चौकात. म्हणजे फक्त स्थानिक दांडका पुरला नाही. १४ मार्चला सौदी अरेबियाला जोडणाऱ्या किंग फहद पुलावरून सुमारे हजार सौदी सैनिक आणि अमिरातीचे पाचशे पोलीस आले. १५ ला आणीबाणी, १६ ला चौक रिकामा, १८ ला मोत्याचं स्मारकच जमीनदोस्त. ते स्मारक ज्यावर होतं ते पाचशे फिल्सचं नाणंसुद्धा चलनातून काढून घेतलं.

हे झाल्यावर कारकुनाला काम मिळालं. त्याच्या आधी त्याच्या शिक्क्याला कुणी विचारत नव्हतं. तुम्ही कारण आणि परिणाम उलटे टांगले आहेत.

मुनीमजी :
दोघेही गल्ल्याकडे बघायला विसरलात. २०११ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये सौदी राजाने आधी ३७ आणि मग ९३ अब्ज डॉलरच्या योजना जाहीर केल्या : घरं, नोकऱ्या, बेकारभत्ता, आणि धार्मिक संस्थांनाही भरघोस. कुवेतने प्रत्येक नागरिकाला हजार दिनार आणि वर्षभराहून जास्त काळ मोफत शिधा दिला. ओमानमध्ये सोहार शहर पेटल्यावर पन्नास हजार नोकऱ्यांची घोषणा झाली. जिथे गल्ला भरलेला तिथे चौक रिकामा, इतकं साधं आहे.

बहारीनचं दुखणं वेगळं आहे. त्याच्या तेल उत्पन्नाचा मोठा भाग अबू सफा नावाच्या समुद्रातल्या क्षेत्रातून येतो. ते सौदी अरेबियासोबत सामाईक आहे आणि चालवते सौदी कंपनी. नळाची चावी शेजाऱ्याकडे. २०१८ मध्ये बहारीनचं कर्ज हाताबाहेर जायला लागलं तेव्हा सौदी, अमिराती आणि कुवेत यांनी मिळून दहा अब्ज डॉलरची मदत दिली. दुसऱ्याच्या पैशावर चालणारा राजा विरोधकांशी तडजोड करायला मोकळा नसतो. तडजोडीची किंमत रियाधमध्ये ठरते.

शाईदौत :
मुनीमजी, एक आकडा तुमच्याच वहीतला. बहारीनच्या राजानेही ११ फेब्रुवारीला प्रत्येक कुटुंबाला हजार दिनार जाहीर केले होते. तीन दिवसांनी लोक चौकात. पैशाने काय विकत मिळतं आणि काय नाही, हे तिथेच दिसलं. त्यांची मागणी होती निवडून आलेल्या सरकारची. तेव्हाचे पंतप्रधान, राजाचे काका, १९७१ पासून त्याच खुर्चीत होते आणि २०२० मध्ये मरेपर्यंत राहिले. हजार दिनारांत एवढा जुना माणूस हलत नाही.

मुनीमजी :
मान्य. पण पगार थांबवणं हीसुद्धा पैशाचीच भाषा. राजाने चौकशीसाठी नेमलेल्या बसिऊनी आयोगाच्या अहवालानुसार आंदोलनानंतर सरकारी आणि खासगी मिळून चार हजारांवर लोकांना कामावरून काढलं गेलं. संपाला गेलात, चौकातल्या फोटोत दिसलात, हजेरीत चार लाल खुणा आल्या, की घरी. मी याला परवाना म्हणणार नाही, गल्लाच म्हणणार.

सातारी तर्री :
जरा उलट बाजू. त्याच वर्षी कुठे काय झालं बघा. सीरिया, लीबिया, येमेन : तिन्ही प्रजासत्ताकं, तिन्हींची राखरांगोळी. इजिप्त फिरून लष्कराकडे. आणि आठही अरब राजेशाह्या जागच्या जागी. बहारीनमध्ये बसिऊनी आयोगाने १४ फेब्रुवारी ते १५ एप्रिल या काळातले ३५ मृत्यू मोजले, त्यात पाच सुरक्षा दलांचे. एकही मृत्यू वाईटच. पण सीरियातले आकडे लाखांत आहेत.

राजाकडे एक सोय असते, ती अध्यक्षाकडे नसते : तो पंतप्रधानाला बळी देऊ शकतो. जॉर्डनच्या राजाने फेब्रुवारी २०११ ते ऑक्टोबर २०१२ एवढ्यात चारदा पंतप्रधान बदलला. मोरोक्कोच्या राजाने ९ मार्च २०११ ला भाषण केलं आणि १ जुलैला नव्या घटनेवर सार्वमत घेतलं. लोकांचा राग वजिरावर निघतो, तख्त वाचतं. हे दडपण नाही, ही कारभाराची अक्कल आहे. आणि राजाही आयोग नेमतो, त्याचा जहाल अहवाल स्वतः समोर बसून ऐकून घेतो. सीरियाच्या असाद यांनी असं काही केलं असतं का?

वाळूघड्याळ :
तर्रीसाहेब, या तुलनेत एक मेख आहे. प्रजासत्ताकांची राख होताना राजेशाह्या गॅलरीत बसून बघत नव्हत्या. ट्युनिशियाचे अध्यक्ष बेन अली ट्युनिसमधून पळाले ते थेट सौदीतल्या जेद्दाला. जुलै २०१३ मध्ये इजिप्तमध्ये लष्कर आल्याबरोबर सौदी, अमिराती आणि कुवेत यांनी मिळून बारा अब्ज डॉलरची मदत जाहीर केली. सीरिया आणि लीबियात कोण कुणाला हत्यारं पुरवत होतं, तेही झाकलेलं नाही. शेजारच्या घराला लागलेल्या आगीत तेल ओतायचं आणि मग म्हणायचं, बघा आमचं घर कसं शाबूत.

आयोगाबद्दल : राजाने अहवाल ऐकला, खरंच. २३ नोव्हेंबर २०११. पाचशे पानं, सव्वीस शिफारशी. छळामुळे पाच मृत्यू झाल्याचं त्यात लिहिलं आहे. आंदोलनामागे इराण असल्याचा सरकारचा दावा पुराव्याने सिद्ध होत नाही, हेही लिहिलं आहे. पण त्यानंतर काय? मुख्य विरोधी पक्ष अल-वेफाक, ज्याने २०१० मध्ये चाळीसपैकी अठरा जागा जिंकल्या होत्या, तो २०१६ मध्ये न्यायालयातून विसर्जित. 'वअद' नावाचा धर्मनिरपेक्ष पक्ष २०१७ मध्ये विसर्जित. २०१८ मध्ये कायदाच बदलला : विसर्जित पक्षांच्या सभासदांना निवडणूक लढवता येणार नाही. अल-वेफाकचे नेते अली सलमान यांना कतारसाठी हेरगिरीच्या आरोपावरून जन्मठेप. अहवाल कपाटात, नेता तुरुंगात.

शाईदौत :
वाळूघड्याळ, तुम्ही माझाच मुद्दा मांडताय! ही सगळी कामं कोर्टात आणि राजपत्रात झाली. :)

निळी चौकट :
तांत्रिक बाजू कुणीच घेतली नाही म्हणून लिहितो. लांब होईल.

बहारीनमध्ये २०१२-१३ च्या सुमारास निनावी ट्विटर खाती पकडायची जी पद्धत उघडकीला आली, ती फार स्वस्त होती. ओळखीच्या कार्यकर्त्याच्या नावाशी मिळतंजुळतं बनावट खातं उघडायचं. निनावी खात्याला खासगी संदेशात एक छोटी केलेली लिंक पाठवायची, 'हा फोटो पाहिलास का' अशा मजकुरासोबत. समोरच्याने टिचकी मारली की त्याचा आयपी पत्ता आणि वेळ नोंदली जाते. मग इंटरनेट कंपनीकडे विचारायचं : या मिनिटाला हा पत्ता कुणाच्या जोडणीवर होता? कंपनी नाव देते, पोलीस दार ठोठावतात. यात हॅकिंग नाही, महागडं सॉफ्टवेअर नाही.

गडबड होते ती शेवटच्या पायरीवर. आयपी पत्ता माणसाचा नसतो, जोडणीचा असतो. बिल ज्याच्या नावावर तो पकडला जातो. लिहिणारा कदाचित त्याचा भाऊ किंवा वरच्या मजल्यावरचा भाडेकरू. व्हीपीएन (आयपी पत्ता लपवणारी सोय) फक्त लिहिताना चालू ठेवून उपयोग नाही, लिंक उघडतानाही तो चालू हवा. बहुतेक जण तिथेच सापडतात.

सौदी अरेबियाने याहून छोटा रस्ता शोधला. कंपनीला पत्र लिहून माहिती मागण्याऐवजी ट्विटरच्या आतलाच माणूस गाठला. अमेरिकेत २०१९ मध्ये दाखल झालेल्या खटल्यानुसार अली अल-जबारा या अभियंत्याने २०१५ मध्ये सहा हजारांवर खात्यांची माहिती उघडून पाहिली : ईमेल, फोन नंबर, आयपी पत्ते. तो सौदीला निसटला. दुसरा कर्मचारी अहमद अबूअम्मो २०२२ मध्ये दोषी ठरला, बेचाळीस महिन्यांची शिक्षा झाली.

तिसरी पद्धत गावच बंद करण्याची. मनामाच्या पश्चिमेला दुराझ नावाचं गाव आहे. जून २०१६ मध्ये धर्मगुरू ईसा कासिम यांचं नागरिकत्व काढून घेतलं, लोक त्यांच्या घराबाहेर ठिय्या देऊन बसले. त्या महिन्यापासून दुराझमध्ये रोज संध्याकाळी सात ते रात्री एक इंटरनेट मरायला लागलं. बहारीन वॉच या गटाने मोजमाप केलं : थ्रीजी-फोरजीचे टॉवर ठरल्या वेळी गप्प होतात आणि घरातल्या जोडणीवर काही पॅकेट (माहितीचे तुकडे) वाटेतच गळतात. पूर्ण बंद नाही, फक्त वापरण्याजोगं नाही. यातली मेख अशी की सगळं बंद केलं की जगभर बातमी होते. संध्याकाळपुरतं संथ केलं की लोक कंपनीच्या ग्राहकसेवेला शिव्या घालतात. आणि वेळ बघा : सात ते एक. ठिय्याला गर्दी व्हायची तीच वेळ.

वाळूघड्याळ :
उत्तम माहिती. आता दुराझचा शेवटही सांगा. अकरा महिने इंटरनेट मारून ठिय्या उठला नाही. २३ मे २०१७ ला पोलीस घुसले, पाच जण ठार, २८६ अटकेत. मग उठला.

सातारी तर्री :
इंटरनेट बंद करण्यावर आपण फार बोलू नये. काश्मीरमध्ये ऑगस्ट २०१९ मध्ये बंद केलेलं फोरजी फेब्रुवारी २०२१ मध्ये परत आलं.

निळी चौकट :
बोलू या की, दोन्हींवर बोलू. फरक एवढाच : इथे प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलं आणि जानेवारी २०२० मध्ये न्यायालयाने सांगितलं की असे आदेश प्रसिद्ध करावे लागतील. ते किती पाळलं जातं हा वेगळा धागा होईल. दुराझचं वेळापत्रक मात्र बाहेरच्या लोकांना उपकरणं लावून मोजावं लागलं.

रायगडकर :
तुमची चर्चा नागरिकांची चालली आहे. रायगड-रत्नागिरीतून आखातात जाणारे आपले लोक तिथले नागरिक नाहीत, आणि त्यांच्यासाठी दांडका-परवाना हा भेदच उरत नाही. त्यांचा व्हिसा हाच परवाना, आणि व्हिसा रद्द हाच दांडका.

जुलै २०२४ चं उदाहरण घ्या. बांगलादेशात शेख हसीना यांच्या सरकारविरुद्ध विद्यार्थ्यांचं आंदोलन पेटलं होतं. त्याला पाठिंबा म्हणून अमिरातीत काही बांगलादेशी कामगार रस्त्यावर आले. अमिरातीविरुद्ध नव्हे, स्वतःच्या देशाच्या सरकारविरुद्ध. अबू धाबीच्या न्यायालयाने ५७ जणांना शिक्षा सुनावली : तिघांना जन्मठेप, ५३ जणांना दहा वर्षं, एकाला अकरा. हे सगळं काही दिवसांत. पुढे हसीना गेल्या, ढाक्यातलं नवं सरकार बोललं आणि सप्टेंबरमध्ये माफी होऊन माणसं घरी गेली.

आपल्या लोकांनी यातून घ्यायचं ते एवढंच. इथल्या निवडणुकीचा, मोर्चाचा, दंगलीचा फॉरवर्ड तिथे बसून पुढे ढकलणं म्हणजे तिथल्या कायद्याखाली येणं. अमिरातीच्या २०२१ च्या सायबर कायद्यात अफवा किंवा खोटी बातमी पसरवण्याला किमान एक वर्ष कैद आणि एक लाख दिरहम दंड आहे. संकटाच्या किंवा साथीच्या काळात हेच दोन वर्षं आणि दोन लाख. मूळ मजकूर तुम्ही लिहिला नाही, फक्त पुढे पाठवला, हा बचाव टिकत नाही. पाठवणं हाही प्रसारच. २०१७ मध्ये कतारशी भांडण झालं तेव्हा तर कतारबद्दल सहानुभूती दाखवण्यालाही तीन ते पंधरा वर्षं कैद जाहीर झाली होती. कतारमध्ये चुलतभाऊ आणि दुबईत आपण, अशी घरं कोकणात कमी नाहीत.

तळटीप :
सातारी तर्री यांना 'कारभाराची अक्कल' म्हणून जॉर्डन-मोरोक्को आवडतात, म्हणून त्या अक्कलेचे बारकावे.

जॉर्डनने २०१२ मध्ये प्रकाशन कायदा बदलला. बातम्यांच्या संकेतस्थळाला नोंदणी सक्तीची. नोंदणीला मुख्य संपादक हवा. तो पत्रकार संघटनेचा किमान चार वर्षं सभासद हवा. आणि संघटना त्या काळी ऑनलाइन पत्रकारांना सभासदत्वच देत नव्हती. म्हणजे दाराला कुलूप आणि किल्ली आतल्या खोलीत. शिवाय वाचकांच्या प्रतिक्रियांची जबाबदारी संकेतस्थळाच्या मालकावर, आणि त्या सहा महिने जपून ठेवायच्या. छोट्या संकेतस्थळांनी सरळ प्रतिक्रियांची सोयच बंद केली, कायद्याला तेच हवं होतं. जून २०१३ मध्ये नोंदणी नसलेली जवळपास तीनशे संकेतस्थळं अडवली. कुणालाही अटक न करता.

मोरोक्को याहून हुशार. २०१६ च्या नव्या पत्रकारिता कायद्यातून तुरुंगवास काढून टाकला. जगाने टाळ्या वाजवल्या. मग पत्रकारांवर खटले भरले ते फौजदारी कायद्याखाली. 'अखबार अल-यौम'चे संपादक तौफिक बुअश्रीन यांना लैंगिक गुन्ह्यांच्या आरोपांवरून आधी बारा, अपिलात पंधरा वर्षं. त्याच दैनिकाच्या हाजर रैसूनींना २०१९ मध्ये गर्भपाताच्या आरोपावरून एक वर्ष, मग सोळा दिवसांत राजाची माफी. त्यानंतर दैनिकाचे पुढचे संपादक सुलेमान रैसूनींना पाच वर्षं. दैनिक मार्च २०२१ मध्ये पैशाअभावी बंद पडलं. बुअश्रीन आणि सुलेमान यांना जुलै २०२४ मध्ये माफी मिळाली, पण पेपर परत आला नाही. अशा आरोपाचा फायदा हा की शेजारीपाजारी पाठिंबा द्यायला बिचकतात. राजकीय कैद्याला हार घालणारे या कैद्याच्या घरी जात नाहीत.

तरी वाळूघड्याळ यांच्या बाजूनेही एक सांगतो. रीफचे नेते नासेर जफजाफी यांना २०१८ मध्ये वीस वर्षं सुनावली, तिथे कसलाही आडपडदा नव्हता. मग बुअश्रीनसाठीच एवढा द्राविडी प्राणायाम का? रीफ हा कोपऱ्यातला डोंगराळ भाग, आणि बुअश्रीनचा वाचक कासाब्लांका-राबातमधला. दांडका कुठे आणि कागद कुठे, हे बघणारा कोण आहे त्यावर ठरतं.

सातारी तर्री :
हा शेवटचा मुद्दा पटला. माझं एक वाक्य मागे घेतो : 'दडपण नाही' असं म्हणायला नको होतं. पण कुवेतचं काय? तिथे १९६३ पासून पन्नास निवडून आलेल्यांची संसद होती, मंत्र्यांची उलटतपासणी व्हायची.

मुनीमजी :
होती. १० मे २०२४ ला अमिरांनी ती चार वर्षांपर्यंत स्थगित केली. १९७६ आणि १९८६ लाही बरखास्त झाली होती. आणि नंतर हजारोंच्या संख्येने नागरिकत्वं रद्द व्हायला लागली. इथे तेल आहे, पैसा आहे, रस्त्यावर रक्त नाही. माझा गल्ल्याचा सिद्धांत इथे लंगडतो, हे मीच सांगून टाकतो.

शाईदौत :
नागरिकत्वावर आलातच तर बहारीनचा नमुना बघा. नोव्हेंबर २०१२ मध्ये ३१ जणांची यादी, जानेवारी २०१५ मध्ये ७२ जणांची. दुसऱ्या यादीत विरोधक, पत्रकार आणि आयसिसला जाऊन मिळालेले लोक एकाच ओळीत बसवले होते. म्हणजे यादीवर टीका करणारा आपोआप आयसिसचा कैवारी. यादीत नाव आलं की पासपोर्ट आणि ओळखपत्र जमा. ओळखपत्र नाही म्हणजे बँक खातं अडतं, घराचा करार अडतो. मग तुम्ही स्वतःच्या गावात 'प्रायोजकाविना राहणारे परदेशी' ठरता, आणि बेकायदा वास्तव्याचा खटला भरून तुम्हाला हद्दपार करता येतं. इथे दांडका कुठे आहे?

वाळूघड्याळ :
विमानतळावर. हद्दपारीचा आदेश स्वतःहून पाळणारा माणूस कोण असतो? त्याला विमानात बसवायला दोन पोलीस लागतातच. कागदावर लिहिलेलं घडतं, कारण खाली उभ्या असलेल्याला माहीत असतं की २०११ मध्ये चौकात काय झालं होतं.

तळटीप :
एक दुरुस्ती जोडतो. एप्रिल २०१९ मध्ये राजाने ५५१ जणांचं नागरिकत्व परत दिलं. पण ते न्यायालयांनी काढलेल्यांचं. सरकारी आदेशाने काढलेल्या त्या ३१ आणि ७२ च्या याद्या त्यात नव्हत्या. आणि त्याच वर्षी कायदा बदलून हा अधिकार न्यायालयांकडून मंत्रिमंडळाकडे नेला. एप्रिल २०२४ मध्ये १,५८४ कैद्यांना माफी मिळाली, त्यात राजकीय कैदी बरेच होते, तेव्हाही निवडणूकबंदीचा २०१८ चा कायदा जसाच्या तसा राहिला. माणूस सुटला तरी निवडणुकीला उभा राहू शकत नाही.

शाईदौत :
हे माझ्या बाजूचं की वाळूघड्याळांच्या?

वाळूघड्याळ :
अली सलमान त्या १,५८४ मध्ये नव्हते. तुम्हीच ठरवा.